कुणी लागत नाही

“मुलगा का तुमचा?” असं त्या माणसानं विचारलं आणि चष्मेवाली “हो” म्हणून मोकळी झाली. नुसतं हो म्हणून थांबली असती तर एक वेळ चाललं असतं, पण जीभ एकदा सुटली की तिला लगाम कुठला! “लहानपणापासून चष्मा वाकडाच बसतो त्याला,” असंही वर म्हणाली. माणसानं हातातला डबा बगलेत धरून तिच्या हातातल्या फोटोकडे जरा वेळ पाहिलं, “हुशार दिसतो,” म्हणाला आणि समोरच्या बँकेत निघून गेला. मग तिच्या लक्षात आलं, की मास्तरीणबाई आज नेहमीसारख्या रांगेच्या पार त्या टोकाला उभ्या नाहीत. गुडघा दुखतो म्हणून त्या उन्हाच्या बाजूला आल्या होत्या, म्हणजे तिच्या शेजारी, हातभर अंतरावर. आणि फोटोतला मुलगा त्यांचा होता.

बाईंच्या हातात काठीला ठोकलेला दुसरा फोटो होता, हसणाऱ्या एका तरुण माणसाचा, आणि तो माणूस चष्मेवालीचा नवरा होता. हे बाहेरच्या कुणाला सांगितलं तर त्याला वाटेल, ह्या म्हाताऱ्यांचा काहीतरी घोळ झालाय, निघताना घाईत फोटो बदललेत. पण घोळ नव्हता. पोस्टाच्या पायऱ्यांवर दर बुधवारी दुपारी जी मंडळी उभी राहत, त्यांच्यातल्या एकाच्याही हातात स्वतःचं माणूस नसे. ज्या वर्षी सगळं उलथंपालथं झालं, सरकार गेलं, दुसरं आलं, त्यालाही कुणी धड बसू दिलं नाही, त्या वर्षी ह्या सगळ्यांची माणसं घरातून, कामावरून, भररस्त्यातून नेली गेली आणि परत आली नाहीत. कुणी नेली हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि कबूल कुणीच करत नव्हतं. म्हणून ही मंडळी आपापल्या माणसाचा फोटो घेऊन पायऱ्यांवर उभी राहू लागली. सुरुवातीला जो तो आपल्याच माणसाचा फोटो आणी. मग साध्या कपड्यांतली माणसं हळूच जवळ यायची, मोठ्या आपुलकीनं विचारायची, “कोण लागतो तुमचा?” आणि दोन दिवसांत त्या घरावर धाड पडायची. रांगेतल्या बेकरीवालीचा धाकटा भाऊसुद्धा असाच थोरल्यापाठोपाठ गेला. तेव्हा नळवाल्यानं ही युक्ती काढली. नळ दुरुस्त करणारा माणूस तो, पाणी कुठून मुरतंय हे त्याला बरोबर कळे. खोटं बोलायचं ठरवलं असतं तर निम्मे लोक पहिल्याच प्रश्नाला अडखळले असते, आणि मास्तरीणबाई तर मेल्या असत्या पण खोटं बोलल्या नसत्या. म्हणून नळवाला म्हणाला, खोटं बोलायची पाळीच येऊ द्यायची नाही. ज्यानं त्यानं दुसऱ्याचं माणूस धरायचं आणि घरीही तेच न्यायचं, म्हणजे झडतीत आपल्या घरी आपलं माणूस सापडणार नाही. कुणी विचारलं, कोण लागतो, की खरं तेच सांगायचं. कुणी लागत नाही.

तेव्हापासून हा मुलगा चष्मेवालीच्या खोलीत राहायला आला. पहिली काही वर्षं कपाटामागे भिंतीकडे तोंड करून, मग कपाटाच्या बाजूला, आणि आता तर खिडकीशेजारच्या खुर्चीत. ती खुर्ची दुसऱ्या कुणाला ती देत नसे. बुधवारी जेवण झालं की पदरानं काच पुसून “चल रे, निघायचं,” म्हणायची तिला सवय होती. नवऱ्याचा फोटो मात्र तिच्या घरी एकही उरला नाही. होता तो एकच, तो बाईंकडे गेला, आणि बाई रांगेच्या त्या टोकाला उभ्या राहत. कुणाचं कोण हे ओळखू येऊ नये म्हणून ज्यांची अदलाबदल झाली त्या दोघांनी एकमेकांपासून लांब उभं राहायचं, हाही नळवाल्याचाच नियम. त्यामुळे इतकी वर्षं तिनं नवऱ्याला पाहिलं ते दुरून, आठ-दहा डोक्यांच्या पलीकडून, आणि खरं म्हणजे तिकडे फारसं पाहिलंच नाही.

दिवस पालटले तसे साध्या कपड्यांतले लोक यायचे बंद झाले. त्यांच्यातला एक जण आता स्वतःच थकला होता. पेन्शन न्यायला पोस्टात येई आणि पायऱ्या चढताना ह्यांच्याच कुणाच्या तरी खांद्याचा आधार घेई. नळवाला म्हणे, “घेऊ दे. गुडघे काय, कुणालाच सोडत नाहीत.” भीती गेली तरी अदलाबदल मात्र कुणी मोडली नाही. मागे एकदा कुणीतरी म्हणालं होतं, की आता ज्याचं त्यानं घ्यायला हरकत नाही. चहाच्या दुकानात बसलेल्या सगळ्या मंडळींनी तेव्हा आपापल्या कपात पाहिलं. शेवटी बेकरीवालीच म्हणाली, “राहू द्या हो. हा माझ्याकडे रुळलाय, आणि माझा तुमच्याकडे. आता कुठं त्यांना पुन्हा बिऱ्हाड हलवायला लावता?” त्यावर सगळे इतके हसले की चहावाल्यानं वळून पाहिलं. ह्या हसण्याचं चष्मेवालीला पूर्वी वाईट वाटे, पुढे वाटेनासं झालं. बुधवार हा तिचा आवडता वार होता. उभं राहून झालं की चहा, चहाबरोबर बेकरीवालीनं आणलेली बिस्किटं, मग कुणाच्या सुनेचं कौतुक, कुणाच्या सुनेची उणीदुणी. नळवाल्याची मुलगी ह्याच रांगेतल्या एका मुलाला दिली होती. दुःखाच्या पोटी असे संसार उभे राहिले, आता त्याला कोण काय करणार! तू सुखी आहेस का, असं कुणी तिला विचारलं असतं तर ती चपापली असती, इकडेतिकडे पाहून “आहे बापडी” म्हणाली असती. पण ती सुखी होती. चष्म्याचं दुकान तिचं स्वतःचं होतं, हात अजून कापत नव्हता, दुपारी पडलं की लगेच डोळा लागत होता. हे सगळं आपण कुणाच्या जिवावर भोगतो आहोत, हा विचार तिनं कधी केला नव्हता, आणि त्या बुधवारी चहा पिताना तो पहिल्यांदा मनात आला. बाई समोरच बसल्या होत्या. त्यांनी नेहमीसारखी दोन चमचे साखर घातली, नेहमीसारखा कप रुमालानं पुसला आणि “येते,” म्हणून गेल्या. दुसरं काही बोलल्या असत्या तरी परवडलं असतं.

घरी आल्यावर तिनं मुलाला खुर्चीत ठेवलं आणि स्वतः पलंगावर बसली. आपण असं बोललोच कसं? लहानपणापासून म्हणे! त्याचं लहानपण हिनं कुठं पाहिलं होतं? पण त्याचा चेहरा तिनं जितका पाहिला तितका दुसऱ्या कुणाचा पाहिला नव्हता, हेही खरं. तिचा धंदाच चेहऱ्यांचा. नवरा गेला तेव्हा लग्नाला वर्षही झालं नव्हतं. माहेरी परत जायचं नाही म्हणून ती एका चष्म्याच्या दुकानात काच पुसायला राहिली. दुकानाचे तेव्हाचे मालक तिला म्हणायचे, “पोरी, देवानं एकही माणूस टेबलासारखा चौकोनी केलेला नाही. कुणाचं नाक तिरकं, कुणाचा कान वर. चष्मा सरळ करायचा म्हणजे माणसावर सरळ करायचा.” हे तिच्या डोक्यात पक्कं बसलं आणि तेव्हापासून तिला माणसं तशीच दिसू लागली. बसमध्ये समोर कुणी बसलं की तिचं लक्ष आधी कानांकडे. ह्या मुलाचा डावा कान किंचित वर होता. चष्म्याची डावी काडी त्यावर उचलली जायची आणि उजवी काच गालावर उतरायची. एक काडी जराशी वाकवली की काम झालं. इतक्या वर्षांत प्रत्येक बुधवारी तिचे हात त्यासाठी शिवशिवले होते, आणि फोटोला हात लावून उपयोग नाही हे कळत असूनही एकदा-दोनदा तिनं काचेवरून अंगठा फिरवला होता. “आईला सांगितलं असतंस तर,” असंही ती त्याला म्हणाली होती. त्या संध्याकाळी मात्र तिला त्याच्यासमोर ओशाळल्यासारखं झालं. आणि मग बसल्या बसल्या तिनं नवऱ्याचा चेहरा आठवून पाहिला. केस आठवले, छापखान्याच्या शाईनं काळी झालेली नखं आठवली, जिन्यात तो चपला ओढत चालायचा तो आवाज आठवला. तोंड आठवेना. तिथे फोटो येई, आणि फोटो दूर, डोक्यांच्या पलीकडे. मग उठून तिनं वरणभात लावला आणि पोटभर जेवली, कारण भूक लागली होती.

दोन दिवसांनी नळवाला दुकानात आला. काउंटरवर कोपरं टेकून उभा राहिला, आपला चष्मा काढून त्याची घडी घातली, पुन्हा डोळ्यांवर चढवला, तेव्हाच तिनं ओळखलं की हा दुरुस्तीला आलेला नाही. “बाईंचा मुलगा सापडला,” तो म्हणाला. शहराबाहेरच्या बंद पडलेल्या खाणीत काही जणांची हाडं सापडली होती, तपासणी झाली होती, त्यांच्यातला एक तो. “बाई कशा आहेत?” तिनं विचारलं. “पाठीचा कणा ताठ. मला म्हणाल्या, बसा, चहा करते. मीच रडलो बघ,” नळवाला म्हणाला. मग जाता जाता दारात थांबला. “आता फोटो बाईंना द्यावा लागेल तुला. आणि त्या काही आता पायऱ्यांवर यायच्या नाहीत. वय झालं, आणि आता कारणही उरलं नाही. तेव्हा तुझा तू घे. अदलाबदलीला बाहेरचं कोण आता नवीन शोधणार?”

तो गेल्यावर ती स्टुलावर बसून राहिली. मुलगा सापडला ह्याचं दुःख झालं, आणि बरंही वाटलं. ते दोन्ही एकाच वेळी कसं वाटतं हे त्या पायऱ्यांवरच्या मंडळींना सांगावं लागत नाही. पण त्याच्या खाली तिसरं काहीतरी होतं आणि त्याचीच तिला लाज वाटत होती. तिला भीती वाटत होती. बुधवारी आपल्याला आपला नवरा धरावा लागणार. त्याला घरी आणावं लागणार, त्या खुर्चीत बसवावं लागणार, दिवा मालवताना त्याच्याकडे पाहावं लागणार. दुसऱ्याचं दुःख हातात धरून माणूस तासन् तास उभं राहू शकतं, चहाबिस्किटंही खातं, दुपारी झोपतं. आपलं ते आपलं. नळवाल्यानं पोलिसांपासून वाचवायला युक्ती काढली आणि पोलीस गेले तरी ती कुणी सोडली नाही, ती काय उगाच! ते तोंड समोर आलं आणि आपण त्याला ओळखलंच नाही, तर? ती साठीला आली होती आणि तो तसाच कोवळा. शेजारी उभी राहिले तर लोक म्हणतील, मुलगा का तुमचा? तेव्हा कुठलं तोंड घेऊन नाही म्हणू? असले विचार करत तिनं एका गिऱ्हाइकाच्या चष्म्यात चुकीची काच बसवली, आणि हे तिच्या हातून कधी होत नसे.

आणि त्याच दिवशी, उन्हं कलताना, मास्तरीणबाई दुकानात आल्या.

“आहेस का गं?” म्हणाल्या आणि गिऱ्हाइकाच्या खुर्चीत बसल्या. पिशवीतून रुमालाची पुरचुंडी काढून काउंटरवर सोडली. आत तारेच्या फ्रेमचा चष्मा होता, हिरवा पडलेला, एक काच नसलेला, एक काडी पार बाहेर गेलेली. “त्याचा आहे. तपासणीवाल्यांनी मला दिला. उद्या त्याला नीट ठेवायचंय, तेव्हा त्याच्याजवळ हाही ठेवीन म्हणते. पण मोडकी वस्तू तशीच ठेवू नये असं मी जन्मभर पोरांना शिकवलं. मग म्हटलं, सरळ करून घ्यावा.”

चष्मेवालीनं चष्मा उचलला नाही. “बाई, त्या दिवशी मी चुकून बोलून गेले. तुम्ही शेजारी आहात हे—”

“लहानपणापासून वाकडा बसतो म्हणालीस,” बाई मध्येच म्हणाल्या. “तुला कसं कळलं?”

“अं?”

“खरं आहे ते. त्याला शाळेत चष्मा लागला आणि पहिल्या दिवसापासून तिरका. मी रागवायची. चारचौघांत रागवायची. मास्तरणीचा मुलगा आणि साधा चष्मा घालता येत नाही! धांदरट म्हणायची. ज्या दिवशी नेलं त्या दिवशी सकाळीसुद्धा जिन्यातून ओरडले, चष्मा नीट घाल म्हणून. इतकी वर्षं ते शब्द घेऊन झोपते मी. म्हणून विचारते, तुला कसं कळलं?”

“धांदरट नव्हता तो,” चष्मेवाली म्हणाली. “त्याचा डावा कान वर आहे. एवढासा. दिसत नाही पटकन. चष्मा देणाऱ्यानं काडी वाकवून द्यायला हवी होती. त्यानं कितीही नीट घातला असता तरी तो तसाच बसला असता, बाई. त्याची काही चूक नव्हती.”

“डावा कान,” बाई म्हणाल्या. मग त्यांनी रुमाल उचलला, पण तो गंजानं माखला होता, तेव्हा तो तसाच खाली ठेवून त्यांनी दोन्ही तळव्यांनी तोंड झाकलं आणि रडल्या. आवाज करून रडल्या. दारात आलेलं गिऱ्हाईक परत फिरलं. चष्मेवालीनं काउंटरवरून हात लांब करून त्यांच्या कोपराला धरलं आणि तीही रडली, पण तिला आतून हलकंही वाटलं, इतकं की तेवढ्यातही तिच्या मनात आलं, आता काडी कुठे वाकवायची ते आपल्याला बरोबर ठाऊक आहे.

बाईंनी पदरानं तोंड पुसलं, नाक ओढलं आणि एकदम वर्गातल्या आवाजात म्हणाल्या, “तुझ्या माणसाचा पुढचा दात तुटलेला आहे. ठाऊक आहे ना?”

“दात?” ती म्हणाली.

“वरचा. कोपरा उडालाय. जवळून पाहिलं की दिसतो. मी रोज म्हणते त्याला, दात पडकाय आणि हसतोस काय एवढा? तोंड मीट. ऐकत नाही मेला.”

आणि मग तोंड आलं. एकदम नाही आलं, आधी टरफलाचा आवाज आला. अक्रोड होता. लग्नानंतरच्या पहिल्याच आठवड्यात त्यानं कुठून तरी अक्रोड आणले होते आणि फोडायला घरात काही नव्हतं. दातानं फोडून दाखवतो म्हणाला. तीच म्हणाली होती, “दाखव बघू.” अक्रोड फुटला नाही, दात फुटला. तुकडा तळहातावर घेऊन तो आधी भांबावला आणि मग जो हसायला लागला, तो तीही पोट धरून जमिनीवर बसेपर्यंत. दुसऱ्या दिवशी छापखान्याच्या ओळखपत्रासाठी फोटो काढायचा होता. तिनं दहा वेळा बजावलं, तोंड मिटून काढ, दात दिसेल. कॅमेऱ्यासमोर बसल्यावर त्याला नेमकं तेच आठवलं. त्या फोटोत तो हसतोय ते कॅमेऱ्याकडे पाहून नाही, तिला आठवून. इतकी वर्षं पोस्टाच्या पायऱ्यांवर, ऊन असो पाऊस असो, तो तिच्यामुळे हसत उभा होता आणि ती आठ-दहा डोक्यांच्या अलीकडे दुसरीकडे तोंड करून! “अक्रोड,” ती म्हणाली. बाईंना काही कळलं नाही, पण त्यांनी मान हलवली. मग तिनं सगळं सांगितलं, आणि बाई ऐकता ऐकता म्हणाल्या, “तरीच. मला वाटायचं मुळातच वात्रट आहे.”

चष्मा तिनं तेव्हाच हातात घेतला. हिरवा थर मऊ ब्रशनं काढला, जुन्या काचांच्या खणातून मापाची एक काच शोधून घासून बसवली, स्क्रूत तेलाचा थेंब सोडला. कापड लावलेल्या चिमट्यानं बाहेर गेलेली काडी आत आणली. तार जुनी, जोर झाला असता तर तुटली असती, तेव्हा श्वास धरून एकेक केसानं वाकवली. शेवटी डावी काडी त्या वरच्या कानाच्या मापानं वाकवली. चष्मा काउंटरवर ठेवला तर तो एका बाजूला कलला.

“हा तर वाकडाच,” बाई म्हणाल्या.

“टेबलावर वाकडा आहे,” ती म्हणाली. “त्याला सरळ बसेल.”

बाईंनी तो डोळ्यांजवळ नेऊन पाहिला, एक बोट काडीवरून फिरवलं आणि रुमालात न बांधता तसाच हातात धरून उठल्या. तेव्हा चष्मेवालीनं विचारलंच. “बुधवारी तुम्ही यायच्या नाहीत ना आता? मी त्याला घ्यायला केव्हा येऊ?”

“न यायला काय झालं?” बाई म्हणाल्या. “माझा सापडला. तुझा कुठं सापडलाय?”

“मग मी कुणाला धरू?”

“मला धर,” बाई म्हणाल्या. “टेकायची काठी धरली तर तुझ्या ह्याला धरता येत नाही, आणि ह्याला धरलं तर टेकायची काठी. किती दिवस म्हणते मी हे, कुणाच्या लक्षात येईल तर शपथ.”

मुलाला ती बाईंच्या घरी पोहोचवून आली होती, त्यामुळे बुधवारी चष्मेवाली पायऱ्यांवर पोहोचली तेव्हा तिचे हात रिकामे होते आणि ते कुठे ठेवावेत हे तिला कळेना. मग तिनं बाईंचा दंड धरला. मंडळी एकेक करून येऊन बाईंशी दोन शब्द बोलून आपापल्या जागी गेली. दोघी अशा शेजारी उभ्या राहिल्या हे नियमाला सोडून होतं, पण नळवाला नुसता खाकरला आणि दुसरीकडे पाहू लागला. ऊन चांगलं होतं. नवरा तिच्यापासून हातभर अंतरावर होता. तिनं मान वळवून पाहिलं, आधी कानांकडे, सवयीनं, मग तोंडाकडे. कोपरा उडालेला होता. तिला हसू आलं आणि ते तिनं दाबलं नाही.

बँकेतला तो माणूस डबा घेऊन पायऱ्यांसमोरून चालला होता. तिला पाहून थांबला. “आज मुलगा नाही आणला?”

“घरी गेला तो,” बाई म्हणाल्या, आणि त्यात काही खोटं नव्हतं. माणसाला काय समजायचं ते समजलं असावं, कारण त्यानं थोडा वेळ मान खाली घातली. मग त्याची नजर बाईंच्या हातातल्या फोटोकडे गेली. “आणि हे? हे कोण लागतात तुमचे?”

हा प्रश्न बाईंना ह्याच पायऱ्यांवर किती जणांनी विचारला होता! साध्या कपड्यांतल्या लोकांनी गोडीनं विचारला होता, दरडावून विचारला होता, आणि प्रत्येक वेळी बाईंनी नजर न हलवता एकच उत्तर दिलं होतं. रांगेतल्या सगळ्यांना ते पाठ होतं. आत्ताही बेकरीवालीचे ओठ आपोआप त्या शब्दांसाठी हलले. चष्मेवालीचा हात बाईंच्या दंडावर घट्ट झाला.

“जावई,” बाई म्हणाल्या.

आणि फोटोची काठी जरा वर उचलून, त्या हसऱ्या तोंडाला दटावलं, “हसतोस काय? नीट उभा राहा.”